वाटाणा, आगकाड्या आणि दळण

दादासाहेब फाळक्यांची पहिली फिल्म वाटाण्याच्या रोपावर होती. ‘राजा हरिश्चंद्र’ त्यानंतरचा. १९१२ च्या एप्रिलात ते लंडनहून परतले, मागोमाग तिथे मागवलेला विल्यमसन कॅमेरा आला, पण चित्रपट काढायला पैसे नव्हते आणि हा माणूस नेमकं काय म्हणतोय ते कुणाच्या ध्यानात येत नव्हतं. मग त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभर त्या रोपाचं चित्रण केलं. कोंब फुटल्यापासून वेल होईपर्यंतचं सगळं पडद्यावर मिनिटभरात, फार तर थोडं जास्त. फितीचं नाव ‘अंकुराची वाढ’. निवडक मंडळींना ती दाखवली आणि यशवंतराव नाडकर्णी, नारायणराव देवहारे अशा काहींनी ती बघून कर्ज देऊ केलं.

एडिटिंग हा माझा पोटापाण्याचा उद्योग, त्यामुळे अशी गोष्ट ऐकली की मी आधी फ्रेम मोजायला बसते. मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण १६ चित्रं धरायची. मिनिटाला ९६० झाली, म्हणजे हजारभर. महिन्यात हजार चित्रं म्हणजे दिवसाला तीस-पस्तीस. उजेडाचे बारा तास धरले तर दर वीस-बावीस मिनिटांनी एक. हा माझा ढोबळ हिशेब, पण त्यातून घर दिसायला लागतं. कुणीतरी दिवसभर त्या कुंडीच्या आसपास असणार. रोपाला पाणी घालायचं, पण कुंडी तसूभरही सरकता कामा नये. पोरं खेळत असणार, त्यांना तिपाईपासून लांब ठेवायचं. ढग आले की थांबायचं, ऊन आलं की पुन्हा उठायचं. आज मोबाइलमध्ये टाइमलॅप्सचं बटण दाबून आपण चहाला जातो, आणि तसं जायला माझी काही हरकत नाही. पण एका वाटाण्यासाठी महिनाभर पहारा देणाऱ्या घराबद्दल मला जे वाटतं ते कुठल्याही भव्य सेटबद्दल वाटत नाही.

या माणसाचं बघणंच जबर होतं. गिरगावातल्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट बघून त्यांनी स्वतः चित्रपट काढायचं ठरवलं, ही गोष्ट आपल्याला शाळेपासून पाठ असते. त्याच्या पुढचं वर्ष मात्र कमी सांगितलं जातं. युरोपातून मिळतील ती पुस्तकं, मिळतील ती रिळं मागवायची, एक छोटा कॅमेरा घ्यायचा आणि रोज संध्याकाळी चार-पाच तास पडद्यावर नजर लावून बसायचं. डोळ्यांवर एवढा ताण आला की काही काळ दिसेनासं झालं. डॉ. प्रभाकर यांचे उपचार आणि तीन-चार चष्मे यांच्या जोरावर दृष्टी परत आली. मग विम्याच्या १२ हजारांच्या पॉलिसी गहाण टाकून त्यांनी १० हजार उभे केले आणि १ फेब्रुवारी १९१२ रोजी लंडनची बोट धरली. तिथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाचे संपादक कॅबर्न भेटले, त्यांच्या ओळखीने सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ बघायला मिळाला. दोन महिन्यांत माणूस परत, आणि येताना ५० पौंडांच्या कॅमेऱ्याबरोबर आणखी एका यंत्राची मागणी नोंदवून आलेला: फिल्मला भोकं पाडायचं यंत्र.

या यंत्रापाशी मला जरा थांबायचं आहे. त्या काळी कच्ची फिल्म बरेचदा कडांना भोकं न पाडताच मिळायची. भोकं तुम्हीच पाडायची. एका फूट फिल्ममध्ये १६ चित्रं, प्रत्येक चित्राला एका बाजूने चार भोकं. म्हणजे फुटाला दोन्ही कडा मिळून १२८. ‘राजा हरिश्चंद्र’ होता ३७०० फुटांचा. पडद्यावर आला तेवढ्याचाच गुणाकार केला तरी आकडा पावणेपाच लाखांच्या घरात जातो. हे काम अंधाऱ्या खोलीत बसून करावं लागे आणि ते फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करत. रसायनं कालवणं, फिल्म धुणं, उन्हात पांढरी चादर ताणून नटांच्या तोंडावर उजेड पाडणं, आणि शिवाय युनिटमधल्या साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. दागिने तर आधीच गेले होते. स्वतंत्र सिनेमा म्हणजे काय, असं मला कुणी विचारलं की मी या खोलीचं नाव घेते. स्टुडिओ नाही, वितरक नाही, वरून कुणाचा आदेश नाही. आणि म्हणूनच सगळी कामं घरातल्या माणसांच्या अंगावर. आजच्या कुठल्याही छोट्या फिल्मच्या श्रेयनामावलीत शेवटच्या पाटीवर ‘विशेष आभार’ म्हणून जी आई, बहीण, बायको किंवा नवरा असतो, त्यांचा उगम तिथे आहे. त्यांना पहिल्या पाटीवर घ्यायला पाहिजे. मी घेते.

मी नाशिकची. आमच्याकडे पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे, त्र्यंबकेश्वर हे त्यांचं जन्मगाव, आणि ३० एप्रिलला पुतळ्याला हार पडतो. भारतीय चित्रपटाचे जनक, पौराणिक चित्रपटांचे कर्ते, हे सगळं योग्यच आहे. पण मी छोट्या फिल्म करते, हसवणाऱ्या आणि खऱ्या माणसांच्या, आणि माझं त्यांच्याशी नातं आहे ते त्यांच्या दुसऱ्या यादीमुळे. ती यादी वाचताना मला अजूनही आनंदाचं भरतं येतं. पिठाचे पंजे. आगकाड्यांची मौज. लक्ष्मीचा गालिचा. केल्फाच्या जादू. धूम्रपान लीला. धांदल भटजींचे गंगास्नान. नाशिक-त्र्यंबक येथील देखावे. सिंहस्थ पर्वणी. तळेगाव काच कारखाना. चित्रपट कसे तयार करतात. यातल्या बहुतेक फिती आज उरलेल्या नाहीत, नावंच राहिली आहेत. पण नावं एका ओळीत ठेवली तरी माणूस समोर उभा राहतो. काड्यापेटीतल्या काड्यांना नाचवणारा आणि काच कारखान्याच्या भट्टीसमोर कॅमेरा लावणारा हात एकच आहे.

त्यातली तळेगावची भट्टी मला फार जवळची वाटते. तळेगाव दाभाड्याचा पैसा फंड काच कारखाना १९०८ चा. लोकांनी दिलेल्या एकेका पैशाच्या वर्गणीतून स्वदेशी उद्योग उभा राहावा, या कल्पनेतून निघालेला. फाळके पुराणवस्तू खात्यातली नोकरी स्वदेशीच्या वाऱ्यात सोडून आलेले. त्यांना काच फुंकणारा कामगार दाखवावासा वाटला यात नवल नाही. आणि काच फुंकणं पडद्यावर कसं दिसत असेल याचा विचार करा: लालबुंद गोळा, गाल फुगवलेला माणूस, नळीच्या टोकाला हळूहळू फुगत जाणारी बरणी. नुसतं खरं काम दाखवलं तरी बघणाऱ्याच्या चेहऱ्यावर हसू यावं असं ते दृश्य आहे.

माझं म्हणणं इथूनच सुरू होतं. आपल्याकडे विनोदी फिल्म आणि माहितीपट यांची दोन वेगळी घरं झाली आहेत. विनोदी म्हटलं की लिहिलेले पंच, माहितीपट म्हटलं की जड आवाजातलं निवेदन आणि समस्या. महोत्सवांच्या अर्जातही दोन वेगळे रकाने असतात आणि माझ्यासारखीला दर वेळी कुठल्या तरी एकावर टिक करावी लागते. फाळक्यांच्या त्या यादीत मात्र ही भिंत दिसत नाही. ते जादूगार होते. एका जर्मन जादूगाराकडून शिकलेले, स्वतःचं आडनाव उलटं करून ‘प्रोफेसर केल्फा’ या नावाने प्रयोग करणारे. जादूगाराला ठाऊक असतं की लोक वस्तूकडे नीट बघत नाहीत. त्यांना नीट बघायला लावलं की आधी ते चकित होतात आणि मग हसतात. वाटाणा, काडी, काच: तिन्ही ठिकाणी त्यांनी तेच केलं. माणूस अमुक एक गोष्ट रोज बघत असतो, तुम्ही त्याला ती पुरेसा वेळ दाखवता, आणि तो खुर्चीत पुढे सरकतो.

मुंबईच्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफ थिएटरात ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तेव्हा खेळ एकट्या चित्रपटाचा नव्हता. जाहिरातीत मिस आयरीन डेलमार यांचा नाच होता, मॅक्लेमेंट्स मंडळींचं विनोदी स्किट होतं, पायांवर वस्तू झेलणारा अलेक्झांडर होता आणि ‘टिप-टॉप कॉमिक्स’ होते. हसू परदेशी माणसांकडून आणलेलं आणि कथा आपली, अशी वाटणी. पुढे ‘मोहिनी भस्मासुर’ १९१४ च्या जानेवारीत ऑलिंपिया थिएटरात लागला, तेव्हा त्याच्या जोडीला फाळक्यांचीच छोटी विनोदी फीत होती, ‘पिठाचे पंजे’. माझ्या लेखी ही घटना मोठी आहे. आपली पुराणकथा पडद्यावर आणणं हे जितकं स्वदेशी, तितकंच आपल्या स्वयंपाकघरातल्या पिठाचं नाव घेऊन हसवणं स्वदेशी. पण पहिल्या गोष्टीला स्मारक मिळालं आणि दुसरी तळटीपेत गेली.

पहिल्या महायुद्धात भांडवलवाल्यांनी हात आखडता घेतला, फिल्म मिळेनाशी झाली, आणि तीन पूर्ण चित्रपट नावावर असलेला हा माणूस छोट्या फितींकडे वळला. आगकाड्यांची मौज १९१५ ची. काडी एक केस सरकवायची, एक चित्र घ्यायचं. पुन्हा सरकवायची, पुन्हा एक. वाटाण्याच्या वेळी रोप आपणहून वाढत होतं, इथे वाढही हातानेच करायची. छोटी फिल्म करणाऱ्यांना कायम एक प्रश्न विचारला जातो: मोठा पिक्चर कधी? लग्नात विचारतात, बँकेत विचारतात, महोत्सवात बक्षीस देणारे पाहुणे व्यासपीठावरून विचारतात. विचारणाऱ्यांच्या मनात प्रेमच असतं. वाटाण्याची फीत मोठ्या चित्रपटासाठी पैसे उभे करायला वापरली गेली, तेव्हा ती पायरी होती हे मी मान्य करते. पण आगकाड्या पायरी नव्हत्या. त्या वेळी फाळक्यांना काही सिद्ध करायचं राहिलं नव्हतं. एका गमतीला जेवढा वेळ लागतो तेवढीच फीत त्यांनी केली. मला माझ्या कामाबद्दल जे म्हणायचं असतं ते सगळं त्या काड्यांमध्ये आहे.

मी गेल्या वर्षी जी फिल्म केली ती आमच्या भागातल्या पिठाच्या गिरणीवर आहे. गिरणी मी लहानपणापासून बघत आले, डबा घेऊन रांगेत उभी राहिले. तिथे कॅमेरा लावला तेव्हा पहिला तास काहीच हाती लागेना, कारण गिरणीवाले काका कॅमेऱ्याशी बोलायला लागले. केस विंचरून, स्वच्छ शर्ट घालून, सुनेने लिहून दिलेला कागद पाठ करून. ‘आमच्या या व्यवसायास दीर्घ परंपरा लाभलेली असून’ अशी सुरुवात. माहितीपट करणाऱ्या कुणालाही हे ओळखीचं असेल. माणूस कॅमेऱ्यासमोर सरकारी पत्रासारखा बोलायला लागतो, कारण आपलं रोजचं बोलणं टिपून ठेवण्याच्या लायकीचं आहे असं त्याला कुणी कधी सांगितलेलंच नसतं. मी सगळं बोलणं घेतलं. मग ‘झालं काका’ म्हटलं आणि कॅमेरा चालूच ठेवला. ते त्यांनाही ठाऊक होतं, मी लाल दिवा दाखवला होता. पण ‘झालं’ ऐकल्यावर खांदे खाली आले आणि गिरणी सुरू झाली.

चालू गिरणीत शब्द ऐकू येत नाहीत. मोटर, पट्टा, दगड यांचा एकच घोष. म्हणून तिथे सगळे हातांनी बोलतात. एक मावशी आत आल्या, डबा ठेवला, काकांकडे बघून दोन बोटं एकमेकांवर घासली: बारीक दळा. काकांनी मान हलवली. मग मावशींनी दगडाकडे बोट दाखवलं आणि भुवया उंचावल्या: आधी काय दळलंय? काकांनी शेजारचा डबा दाखवला. बाजरी. मावशींनी स्वतःचा डबा उचलून छातीशी धरला. बाजरीवर त्यांचे गहू जाणार नव्हते. मागून एक दादा पुढे आले आणि आपली ज्वारी पुढे सरकवू लागले, म्हणजे मध्ये ज्वारी गेली की दगड साफ होईल. त्यावर ज्वारीनंतर गहू तरी कसे, म्हणून मावशींनी कपाळाला हात लावला. मग रांगेतल्या एका आजींनी काठीने सगळ्यांचे डबे एका नव्या क्रमाने लावले, कुणाला काही न विचारता. काकांनी त्यांच्या क्रमाला हात जोडले. या सगळ्यात ऐकू येईल असा एकही शब्द नव्हता आणि कुणीही अभिनय करत नव्हतं.

एडिटला बसले तेव्हा मूकपटाची रीतच उपयोगी पडली. आवाज गिरणीचाच ठेवला आणि मध्ये मध्ये काळ्या पाट्या टाकल्या. ‘बाजरीवर गहू?’ एवढीच एक पाटी. दुसरी: ‘आजी बघतायत.’ मी पाट्या कमी-जास्त करत राहिले, कारण पाटी एक शब्दही जास्त झाली की हसू पाटीला येतं, माणसाला येत नाही. कॅमेरा पूर्ण वेळ कमरेच्या उंचीवर ठेवला, डब्यांच्या पातळीवर. आणि एक शॉट असा होता की तो मी रशेसमध्ये, म्हणजे न कापलेल्या कच्च्या चित्रणात, बघेपर्यंत माझ्या लक्षात आला नव्हता. काका मोटर चालू-बंद करायला भिंतीवरच्या स्विचबोर्डाकडे हात नेतात, आणि त्या बोर्डावर, शेजारच्या कॅलेंडरवर, दाराच्या चौकटीवर पिठाने माखलेल्या हातांचे ठसे आहेत. जुन्यांवर नवे, कॅलेंडर उलटलं की पुन्हा नव्याने. फाळक्यांच्या त्या हरवलेल्या विनोदी फितीचं नाव मी त्या दिवसापासून जास्तच मनावर घेतलं.

लोकांना हसवताना पडद्यावरच्या खऱ्या माणसाचं काय होतं, हा प्रश्न मला सोडत नाही. लिहिलेल्या पात्राला हसलं तर कुणाचं बिघडत नाही. इथे मावशी उद्या पुन्हा दळण घेऊन जाणार आहेत. माझा नियम साधा आहे: फिल्म आधी ज्यांची आहे त्यांना दाखवायची, आणि त्यांनी नको म्हटलं तो भाग काढायचा. गिरणीच्याच भिंतीवर, मोटर बंद करून, पंधरा-वीस जणांसमोर दाखवली. मावशी स्वतःला बघून सगळ्यांत जास्त हसल्या आणि वर म्हणाल्या, ‘मग! बरोबरच होतं माझं.’ काकांनी एकच बदल सांगितला. दगडाला टाकी लावण्याचा भाग वाढवायला सांगितला. दळून दळून दगड गुळगुळीत होतो, तेव्हा तो उघडून छिन्नी-हातोडीने त्यावर पुन्हा चरे पाडावे लागतात. एक चर चुकली तर पीठ गरम येतं. ‘हे आता किती जणांना येतं?’ असं त्यांनी विचारलं. मी तो भाग दुप्पट केला. आणि झालं असं की, बाजरीच्या भांडणाला हसलेले प्रेक्षक त्यानंतर ती टाकी श्वास रोखून बघतात. भांडण आधी नसतं तर दगडासमोर एवढा वेळ कुणी बसलं नसतं. हसलेला माणूस मोकळा होतो, आणि मोकळा झालेला माणूस बघायला तयार असतो. सुनेने लिहून दिलेलं ते पाठ केलेलं मनोगतही मी शेवटी संपूर्ण ठेवलं. ते बोलताना काकांच्या चेहऱ्यावर जो अभिमान आहे तो खरा आहे.

आमच्याच जिल्ह्यात, नाशिकपासून शंभरेक किलोमीटरवर, मालेगावात नासिर शेख यांनी हेच वेगळ्या वाटेने केलं. व्हिडिओ पार्लर चालवणारा, लग्नाचं शूटिंग करणारा माणूस. २००० साली त्यांनी गावातल्या मंडळींना घेऊन ‘मालेगाव के शोले’ केला आणि तो मालेगावात तुफान चालला. यंत्रमागांचं गाव, माग शुक्रवारी बंद, आणि शुक्रवारी थिएटरबाहेर गर्दी. फैजा अहमद खान यांनी २००८ मध्ये नासिर यांच्या सुपरमॅनवरच्या फिल्मची जुळवाजुळव टिपत माहितीपट केला, ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’. त्यात सायकलवर कॅमेरा बसवून ट्रॉली शॉट घेतलेला दिसतो, बैलगाडीची क्रेन केलेली दिसते, हिरवा कपडा ताणून त्यासमोर शफीक शेख नावाचा किडकिडीत यंत्रमाग कामगार उडताना दिसतो. त्याचं शूटिंगच्या मध्येच लग्न लागतं. तो माहितीपट बघताना थिएटरात पोट धरून हसणारी माणसं मी पाहिली आहेत, आणि तीच माणसं शेवटी गप्प झालेली पाहिली आहेत. शफीक पुढे कर्करोगाने गेला. नासिर यांच्या कथेवर २०२५ मध्ये मोठा हिंदी चित्रपटही आला. चांगला आहे. पण बैलगाडीची ती क्रेन खरी असताना बघण्याचा आनंद मला माहितीपटातच मिळतो. आणि यंत्रमागाच्या खोलीतही शब्द ऐकू येत नाहीत. तिथेही माणसं चेहऱ्याने आणि हातांनी बोलतात. मालेगावच्या नटांच्या हालचाली एवढ्या ठसठशीत का, याचं एक उत्तर मला तिथे मिळतं.

पैशांचं थोडक्यात सांगते, कारण त्यात सांगण्यासारखं फार नाही. छोट्या फिल्मला तिकीट लागत नाही. यूट्यूबवर टाकली तर लोक बघतात, पण त्यावर घर चालत नाही. लग्नाचे व्हिडिओ, कंपन्यांच्या फिल्म, दुसऱ्यांचं एडिटिंग यांतून जे उरतं त्यात आम्ही करतो. मुंबईचा माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा आंतरराष्ट्रीय महोत्सव १९९० पासून दर दोन वर्षांनी भरतो, तिथे निवड झाली तर आपल्यासारखी आणखी माणसं भेटतात आणि पुढची दोन वर्षं बळ टिकतं. पण एक जागा आपण घालवली याची मला हळहळ वाटते. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं आणि पुढे अनेक वर्षं प्रत्येक चित्रगृहात मुख्य चित्रपटाआधी त्यांचा माहितीपट किंवा वार्तापट दाखवणं बंधनकारक होतं. त्यातलं सगळं बघण्यासारखं होतं असं मी म्हणणार नाही. पण छोट्या फिल्मला मोठ्या पडद्यावर दहा मिनिटांची हक्काची जागा होती, तीच जी फाळक्यांनी ‘पिठाचे पंजे’साठी स्वतः तयार केली होती. पुढे ती पद्धत मोडली. आज त्या दहा मिनिटांत दागिन्यांच्या आणि सिमेंटच्या जाहिराती असतात. मराठी चित्रपटाच्या निर्मात्यांनी आपल्या खेळाआधी एक पाच मिनिटांची मराठी फिल्म दाखवायची ठरवली, तर त्याला ना कायदा लागेल ना अनुदान. मी जमेल त्या प्रत्येक निर्मात्याला हे सांगत असते आणि सांगत राहणार आहे.

फाळक्यांच्या छोट्या फितींपैकी ‘चित्रपट कसे तयार करतात’ या १९१७ च्या फितीचे काही तुकडे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे आज बघता येतात. फाळक्यांचं जे काही वाचलं त्यात संग्रहालयाचे पी. के. नायर यांचा वाटा फार मोठा आहे. त्या तुकड्यांत फाळके नटांना शिकवताना दिसतात, फिल्म धुण्याचं काम दिसतं, कापाकापी दिसते. एडिटर म्हणून मी तो भाग पुन्हा पुन्हा बघितला आहे. पट्टी उजेडाकडे धरायची, डोळा बारीक करायचा, आणि कुठे कापायचं ते ठरवायचं. माझ्यासमोर पडद्यावर टाइमलाइन असते, त्यांच्यासमोर पट्टी, पण मान त्याच कोनात वळते. आणि हा माणूस आपली सगळी गुपितं दाखवतोय. स्वतः जादूगार असून. जादू उघड केली तर प्रेक्षक जातील असं त्यांना वाटलं नाही. लोकांना काम बघायला आवडतं यावर त्यांचा भरवसा होता. तळेगावच्या भट्टीसमोर कॅमेरा लावणाऱ्याने शेवटी तो स्वतःच्या टेबलासमोर लावला.

गिरणीची फिल्म आता तिच्या वाटेने फिरते आहे. एका शाळेत दाखवली तेव्हा मुलांनी नंतर हातांनी बोलायचा खेळच सुरू केला. मोठ्या चित्रपटाचं विचारलंच कुणी, तर सांगते की पुढची फिल्मही गिरणीचीच आहे, आणि तीही दहा-बारा मिनिटांचीच. काकांनीच सुचवलं: ‘ताई, दसरा झाला की या. दिवाळीच्या भाजणीला गर्दी होते, खरी गंमत तेव्हा असते.’ मी होकार दिला आहे. या वेळी एक माइक मोटरपासून लांब, रांगेच्या टोकाला लावायचा आहे, म्हणजे आत शिरण्याआधी बायका काय ठरवून येतात ते ऐकू येईल. कॅमेऱ्याला पिठापासून वाचवायला ओढणी पुरत नाही, प्लॅस्टिकचं आवरण शिवायला टाकलं आहे. आणि चकलीच्या भाजणीत धणे किती घालायचे, यावर आजी आणि मावशी यांचं आत्तापासूनच जुंपलं आहे, त्यामुळे काळ्या पाट्या या खेपेला जरा जास्त लागतील.